सात आसनी गाडीसाठी बदली रिम निवडताना : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

कोल्हापूर परिसरात इनोव्हा, अर्टिगा, कॅरेन्स यांसारख्या सात आसनी गाड्या घरच्या वापरातही आहेत आणि भाड्यानेही चालतात. नृसिंहवाडी, ज्योतिबा, पंढरपूर अशा फेऱ्यांना त्या माणसांनी आणि सामानाने पूर्ण भरून निघतात, आणि गगनबावडा किंवा आंबा घाटाचा चढउतारही त्याच भाराने करतात. खड्ड्यात आपटून डिस्क (स्टीलची रिम) वाकली, अलॉयला (ॲल्युमिनियमच्या रिमला) तडा गेला किंवा मूळ डिस्क काढून अलॉय बसवायची ठरली की दुकानात बहुधा रंग आणि डिझाइन यांवरच बोलणे होते. रिम त्या गाडीला खरोखर जुळते का, हे मात्र आकड्यांवर ठरते आणि ते आकडे टायर चढवण्याआधीच पाहावे लागतात. ग्राहकांकडून पुन्हा पुन्हा येणाऱ्या प्रश्नांची उत्तरे त्याच हेतूने येथे दिली आहेत.

नटांची भोके जुळली म्हणजे रिम जुळली, असे समजावे का?

नाही. भोके जुळणे ही फक्त पहिली पायरी आहे. त्यानंतर मधल्या भोकाचा व्यास, रिमचा ऑफसेट, रुंदी, नटाची बैठक (नट रिमवर जेथे टेकतो तो भाग) आणि आटे, ब्रेकच्या कॅलिपरसाठी (ब्रेक दाबणाऱ्या, चाकाच्या आतल्या भागासाठी) लागणारी मोकळी जागा आणि रिमची भारक्षमता या सर्व गोष्टी जुळाव्या लागतात. यांपैकी एक जरी चुकली तरी रिम हबवर (गाडीच्या ज्या फिरत्या भागावर चाक बसते त्यावर) चढलेली दिसते, गाडी दुकानातून बाहेरही पडते. दोष मात्र महामार्गावर वेग घेतल्यावर किंवा गाडी पूर्ण भरल्यावर उघड होतो. या बाबतीत मी आग्रही आहे, कारण चाकाचा दोष सहन करणारी माणसे गाडीत बसलेली असतात आणि त्यांना त्याची काहीच कल्पना नसते.

पीसीडी म्हणजे काय आणि तो घरी मोजता येतो का?

नटांच्या सर्व भोकांच्या केंद्रांमधून एक वर्तुळ काढले, तर त्या वर्तुळाचा व्यास म्हणजे पीसीडी. तो भोकांच्या संख्येसह लिहितात. उदाहरणार्थ ५ × ११४.३ याचा अर्थ पाच भोके आणि ११४.३ मिलिमीटर व्यास. इनोव्हा, इनोव्हा क्रिस्टा, अर्टिगा आणि कॅरेन्स या सर्व गाड्यांचा पीसीडी ५ × ११४.३ आहे. होंडा मोबिलिओचा ४ × १०० आहे. फॉर्च्युनरची रिम इनोव्हाला बसेल का, असे अनेक जण विचारतात; फॉर्च्युनरला सहा नट आणि १३९.७ चा व्यास असल्यामुळे ती बसत नाही. जिम्नीला पाचच नट असले तरी व्यास १३९.७ असल्यामुळे तीही चालत नाही.

चार किंवा सहा भोकांच्या रिमवर समोरासमोरच्या दोन भोकांच्या केंद्रांमधले अंतर मोजले की पीसीडी मिळतो. पाच भोकांच्या रिमवर समोरासमोर भोके नसतात, म्हणून शेजारच्या दोन भोकांच्या केंद्रांमधले अंतर मोजून त्याला १.७०१ ने गुणावे. ११४.३ च्या रिमवर हे अंतर सुमारे ६७.२ मिलिमीटर येते. स्कोडा आणि फोक्सवॅगनच्या अनेक गाड्यांना ५ × ११२ चा पीसीडी असतो आणि तेथे हेच अंतर सुमारे ६५.८ येते. फरक जेमतेम दीड मिलिमीटरचा असल्यामुळे नजरेने किंवा टेपने तो कळत नाही, व्हर्नियर लागतो. अशी रिम नट जोर लावून आवळले की बसल्यासारखी वाटते, परंतु स्टड (नट ज्यांवर आवळतात ते आट्यांचे दांडे) किंचित वाकलेल्या अवस्थेत राहतात आणि नटाची बैठक एकाच बाजूने दाबली जाते. अशी रिम वापरू नये.

मधल्या भोकाचे महत्त्व काय? ते थोडे मोठे असले तर बिघडते का?

हबच्या मध्यभागी एक गोल कडे पुढे आलेले असते आणि रिमचे मधले भोक त्यावर बसते. रिम बरोबर मधोमध आणणे हे त्या कड्याचे काम आहे. नट आवळल्यावर गाडीचा भार रिम आणि हब यांच्या एकमेकांवर दाबलेल्या सपाट पृष्ठभागांमधील घर्षणामुळे पेलला जातो. पण रिम मधोमध आणली गेलीच नसेल, तर ती मध्यापासून सरकलेल्या ठिकाणीच घट्ट होते आणि ८० ते १०० च्या वेगाला स्टिअरिंग थरथरू लागते. मग बॅलन्सिंग पुन्हा पुन्हा केले जाते आणि दोष जात नाही, कारण बॅलन्सिंगच्या यंत्रावर रिम यंत्राच्या शंकूवर मधोमध बसते आणि गाडीवर तशी बसत नाही.

येथे एक उदाहरण उपयोगी पडेल. इनोव्हा आणि अर्टिगा यांच्या हबचा व्यास ६०.१ मिलिमीटर आहे, तर कॅरेन्सचा ६७.१. पीसीडी एकच असल्यामुळे दुकानात या रिमा एकमेकींच्या शेजारी लावलेल्या दिसतात. परंतु इनोव्हाची मूळ रिम कॅरेन्सच्या हबवर चढणारच नाही, कारण भोक सात मिलिमीटरने लहान आहे. उलट कॅरेन्सची रिम इनोव्हावर सहज चढते आणि भोवती साडेतीन मिलिमीटरची फट राहते. पहिली चूक लगेच कळते. दुसरी कळत नाही, म्हणून ती अधिक काळजीने पाहावी.

बाहेरच्या कंपन्यांच्या अलॉय रिमांचे मधले भोक मुद्दाम मोठे ठेवलेले असते, जेणेकरून एकच रिम अनेक गाड्यांना लावता यावी. अशा रिमेसोबत हबची रिंग घ्यावी. तिचा बाहेरचा व्यास रिमच्या भोकाएवढा आणि आतला व्यास हबएवढा असतो. विक्रेत्याने "रिंगची गरज नाही, नट स्वतःच रिम मधोमध आणतात" असे सांगितले, तर ते शंकूच्या बैठकीच्या नटांबाबत काही अंशी खरे आहे; परंतु रिंग ही स्वस्त वस्तू आहे आणि थरथर शोधण्यात जाणारा वेळ फार असतो.

उद्यमनगरात लेथवर मधले भोक मोठे करून किंवा नटांची भोके नव्याने पाडून घेता येतील का?

कोल्हापुरात हा प्रश्न येणे स्वाभाविक आहे, कारण येथे कुशल टर्नर गल्लोगल्ली आहेत आणि एक-दोन मिलिमीटर काढणे हे त्यांच्या दृष्टीने किरकोळ काम आहे. हबची रिंग ॲल्युमिनियममध्ये लेथवर करून घेणे पूर्णपणे योग्य आहे. माप अचूक असेल तर तयार रिंगेपेक्षा ती अनेकदा चांगली बसते. बाहेरच्या कंपनीच्या अलॉयचे मधले भोक किंचित मोठे करणे शक्य असते, पण भोकाच्या कडेपासून नटाच्या बैठकीपर्यंत पुरेसा धातू उरतो का आणि हबवर टेकणारा सपाट भाग कमी होत नाही ना, हे आधी पाहावे लागते. स्टीलच्या डिस्कचे भोक मात्र मोठे करू नये, कारण तिच्या मध्यभागाचा पत्रा घडवून ताठ केलेला असतो आणि तो कापला की ताठपणा जातो.

नटांची जुनी भोके भरून नवी पाडणे कोणत्याही परिस्थितीत करू नये. वेल्डिंगच्या उष्णतेने आसपासच्या ॲल्युमिनियमची ताकद कमी होते आणि नेमक्या त्याच जागेवर चाकाचा सर्वाधिक ताण येतो.

ऑफसेट म्हणजे काय आणि तो बदलला तर काय होते?

रिमच्या रुंदीच्या बरोबर मध्यावर एक रेषा कल्पिली आणि हबवर टेकणारा पृष्ठभाग त्या रेषेपासून किती मिलिमीटर बाहेरच्या बाजूला आहे हे मोजले, तर तो आकडा म्हणजे ऑफसेट. रिमच्या मागे तो ईटी ४५ किंवा ईटी ३८ असा कोरलेला असतो. आकडा जितका कमी, तितके चाक मडगार्डच्या बाहेर येते. जितका जास्त, तितके आत जाते.

रुंदी आणि ऑफसेट एकत्र पाहावे लागतात. समजा, मूळ रिम ६ जे (म्हणजे ६ इंच रुंदीची) ईटी ४५ आहे आणि आवडलेली रिम ७ जे ईटी ३८ आहे. रुंदी एक इंचाने म्हणजे २५.४ मिलिमीटरने वाढली. त्यातील निम्मी, १२.७, बाहेर गेली आणि निम्मी आत. ऑफसेट ७ ने कमी झाल्यामुळे पूर्ण चाक आणखी ७ मिलिमीटर बाहेर सरकले. म्हणजे बाहेरची कड १९.७ मिलिमीटरने पुढे आली आणि आतली कड ५.७ मिलिमीटरने आत गेली. रिकाम्या गाडीत हे दोन सेंटिमीटर दिसायला छान वाटतात. मागच्या दोन्ही रांगा भरून, डिकीत सामान ठेवून गाडी गतिरोधकावरून गेली की मागचे टायर मडगार्डच्या कडेला घासू लागतात, आणि पुढे स्टिअरिंग पूर्ण वळवल्यावर आतल्या अस्तराला लागतात. शिवाय चाक बाहेर गेल्यामुळे हबच्या बेअरिंगवर पडणारा भार वाढतो आणि बेअरिंग लवकर आवाज करू लागते.

मूळ ऑफसेटपासून पाच मिलिमीटरच्या आत राहणे हा माझा सल्ला आहे. ऑफसेट कोरलेला नसेल तर रिम पालथी, म्हणजे तोंड खाली करून, सपाट फरशीवर ठेवावी, मागच्या कडेवर आडवी पट्टी ठेवावी आणि पट्टीपासून हबवर टेकणाऱ्या पृष्ठभागापर्यंतची खोली मोजावी. या खोलीतून रिमच्या एकूण रुंदीचा निम्मा आकडा वजा केला की ऑफसेट मिळतो. ६ जे रिमची कडेपासून कडेपर्यंत एकूण रुंदी सुमारे ७ इंच, म्हणजे १७८ मिलिमीटर असते, कारण जे चा आकडा टायर जेथे बसतो तेथील आतल्या रुंदीचा आहे. खोली १३४ आली तर १३४ वजा ८९, म्हणजे ४५.

चाक बाहेर आणण्यासाठी किंवा कॅलिपर मोकळा राहावा म्हणून स्पेसर लावावा का?

लावू नये. स्पेसर म्हणजे हब आणि रिम यांच्यामध्ये घालायची चकती. स्पेसरमुळे नटाला मिळणारे आटे कमी होतात. कॅलिपरला रिम घासत असेल तर ती रिम त्या गाडीची नाही, असेच समजावे.

जुनेच नट नव्या रिमला वापरता येतात का?

दोन गोष्टी तपासाव्यात. पहिली आट्यांची. सुझुकीचे स्टड एम १२ × १.२५ चे (१२ मिलिमीटर जाडी आणि दोन आट्यांमध्ये १.२५ मिलिमीटर अंतर) असतात आणि टोयोटाचे एम १२ × १.५ चे. दोन्ही नट हातात सारखेच दिसतात. चुकीचा नट एक-दोन वेढे फिरतो, मग अडतो, आणि हवेच्या गनने रेटला की स्टडचे आटे जातात. रुमियन ही मुळात अर्टिगाच असल्यामुळे तिच्यावर टोयोटाचे चिन्ह असले तरी नट सुझुकीच्या मापाचा लागतो. दुकानात नट मागताना हे स्पष्ट सांगावे.

दुसरी गोष्ट बैठकीची. बाहेरच्या बहुतेक अलॉयला ६० अंशांच्या शंकूची बैठक असते. होंडाच्या मूळ रिमांना गोलाकार बैठक असते, तर टोयोटाच्या काही मूळ अलॉयना वायसर असलेला सपाट बैठकीचा, लांब नळीचा नट लागतो. गोल बैठकीत शंकूचा नट आवळला तर तो फक्त एका बारीक कडेवर टेकतो. पाना घट्ट लागल्याची जाणीव देतो, पण काही किलोमीटरनंतर नट ढिला होतो. नट शंकूत बसला की नाही हे पाहण्यासाठी नटाला थोडा खडू लावून हाताने आवळावा आणि काढून पाहावे. बैठकीवर खडूचे पूर्ण गोल वर्तुळ उमटले तर जुळणी बरोबर आहे. तुटक ठिपके उमटले तर नट बदलावेत.

नट स्टडवर किती फिरतो तेही मोजावे. स्टडच्या जाडीइतकी, म्हणजे १२ मिलिमीटर तरी पकड असावी. टोयोटाच्या आट्यांवर हे सुमारे ८ वेढे होतात, सुझुकीच्या आट्यांवर साधारण १०. अलॉयचा मध्यभाग स्टीलच्या डिस्कपेक्षा जाड असल्यामुळे ही मोजणी अलॉयच्या बाबतीत विशेष गरजेची आहे.

एक इंच मोठी रिम लावायची असेल तर टायर कोणता घ्यावा?

टायरचा एकूण व्यास शक्य तितका मूळच्या जवळ राहावा, हा नियम. अर्टिगाचा मूळ टायर १८५/६५ आर १५ आहे, म्हणजे रुंदी १८५ मिलिमीटर, भिंतीची उंची रुंदीच्या ६५ टक्के आणि रिम १५ इंची; त्याचा व्यास ६२१.५ मिलिमीटर येतो. १६ इंची रिमवर १९५/५५ आर १६ घेतला तर व्यास ६२०.९ येतो, म्हणजे फरक नगण्य आहे. मारुतीच्या एक्सएल ६ या गाडीला येणारा १९५/६० आर १६ घेतला तर व्यास ६४०.४ होतो, म्हणजे तीन टक्क्यांनी वाढतो. काटा १०० दाखवत असताना गाडी १०३ च्या आसपास धावते आणि मडगार्डमधली मोकळी जागा साडेनऊ मिलिमीटरने कमी होते. क्रिस्टाला कंपनीनेच २०५/६५ आर १६ आणि २१५/५५ आर १७ असे दोन्ही आकार दिले होते. त्यांचे व्यास ६७२.९ आणि ६६८.३ असल्यामुळे १६ वरून १७ वर जाणे तेथे निर्धोक आहे.

रुंदीही पाहावी. १८५/६५ आर १५ साठी रिमची रुंदी ५ ते ६.५ जे चालते, २०५/६५ साठी ५.५ ते ७.५ आणि २१५/५५ आर १७ साठी ६ ते ७.५.

त्याहून मोठ्या रिमचा मोह आवरावा, असे मला मनापासून वाटते. क्रिस्टाला १८ इंची रिमवर २२५/४५ आर १८ टायर घेतला, तर टायरच्या भिंतीची उंची १३३ मिलिमीटरवरून १०१ वर येते. ऊस गाळपाच्या हंगामात ट्रॅक्टर-ट्रॉल्यांनी उखडलेल्या रस्त्यावर, किंवा पावसाळ्यात राधानगरीकडे जाताना पाण्याने भरलेला खड्डा न दिसल्यास, तो धक्का शोषायला टायरमध्ये पुरेशी हवाच राहत नाही आणि रिमची कड थेट आपटते.

सात माणसांच्या वजनासाठी रिमची वेगळी क्षमता लागते का?

लागते, आणि सात आसनी गाडीत हा मुद्दा इतर सर्वांच्या वर ठेवावा. हॅचबॅकसाठी तयार झालेल्या रिमचे सर्व आकडे योगायोगाने जुळू शकतात; भारक्षमता मात्र कमी असते. रिमच्या मागच्या बाजूला, आऱ्यांच्या पाठीवर किंवा मध्यभागाजवळ, जास्तीत जास्त भार किलोमध्ये कोरलेला असतो. गाडीच्या मागच्या आसावरचा कमाल भार समजा १३०० किलो असेल, तर प्रत्येक रिमची क्षमता किमान ६५० किलो हवी. ५६० किलो कोरलेली रिम अशा गाडीला घेऊ नये, मग ती कितीही आवडली असली तरी.

टायरचा भार निर्देशांकही त्याच हिशेबाने पाहावा. ८८ म्हणजे ५६० किलो, ९१ म्हणजे ६१५, ९४ म्हणजे ६७० आणि ९५ म्हणजे ६९०. २०५/६५ आर १६ हा टायर ९५ चा असतो. वर सांगितलेला २२५/४५ आर १८ साध्या प्रकारात ९१ चा मिळतो, म्हणजे प्रत्येक चाकामागे ७५ किलो कमी. तो एक्सएल (जास्त भाराच्या) प्रकारातच ९५ चा असतो. टायर रुंद दिसतो म्हणून तो जास्त भार पेलतो, असे नसते.

स्टीलची डिस्क घ्यावी की अलॉय?

भाड्याने चालणाऱ्या आणि खेड्यापाड्यांतील रस्त्यांवर रोज फिरणाऱ्या गाडीला मूळ कंपनीची स्टीलची डिस्क सर्वांत योग्य आहे. ती खड्ड्यात आपटली तर वाकते, हवा हळूहळू जाते, आणि प्रवासी सुखरूप पोहोचतात. अलॉय वाकण्याऐवजी तडकू शकते. चांगल्या अलॉयचे फायदे खरे आहेत. ती अधिक गोल असते, गंजत नाही आणि दिसायला सुरेख असते. परंतु फौंड्रीत काम केलेल्या माणसाला हे सांगावे लागत नाही की ओतकामात अडकलेली पोकळी बाहेरून रंग दिल्यावर दिसत नाही. म्हणून अलॉय घ्यायची तर चाचण्या करणाऱ्या कंपनीचीच घ्यावी. प्रवासी गाड्यांच्या चाकांसाठी आय. एस. ९४३६ हे भारतीय मानक आहे. रिमवर आयएसआय चिन्ह, कंपनीचे नाव, आकार, ऑफसेट, भारक्षमता आणि उत्पादनाची तारीख कोरलेली असावी. मागची बाजू गुळगुळीत आणि कोरी असलेली रिम परत ठेवून द्यावी.

वाकलेली किंवा तडा गेलेली रिम दुरुस्त करून चालते का?

स्टीलच्या डिस्कची कड थोडी वाकली असेल तर ती सरळ करून चालते. अलॉयच्या आतल्या कडेचा किरकोळ बाक यंत्रावर काढता येतो. तडा गेलेली अलॉय मात्र, तडा कितीही लहान असला तरी, बदलावी. वेल्डिंग करून हवा धरली म्हणजे ताकद परत आली असे होत नाही.

वापरलेली रिम घेताना काय पाहावे?

प्रथम टायर उतरवून द्यायला सांगावे. टायर चढवलेली रिम घेऊ नये, कारण महत्त्वाच्या सर्व खुणा टायरच्या आत लपतात. आतल्या बाजूने वेल्डिंगची रेघ, घासून नव्याने रंगवलेला पट्टा किंवा उष्णतेने बदललेला रंग आहे का ते पाहावे. नटांची भोके लांबट झालेली असतील तर ती रिम ढिल्या नटांवर चाललेली आहे आणि ती घेण्यासारखी नाही. नंतर रिम रिकामीच बॅलन्सिंगच्या यंत्रावर फिरवून दोन्ही कडा डोळ्यांसमोर स्थिर राहतात का ते पाहावे. आतली कड अधिक महत्त्वाची, कारण खड्ड्याचा मार तिला जास्त बसतो. मूळ कंपनीचे चिन्ह असलेल्या टोपीवरून रिम मूळ आहे असे मानू नये. टोपी स्वतंत्र मिळते.

एकच रिम खराब झाली असेल तर एकच बदलावी का?

होय, जर तोच आकार, तीच रुंदी आणि तोच ऑफसेट असलेली मिळत असेल तर. मूळ रिमच्या मागचा सुटा भाग क्रमांक दाखवून मागावी. तशी मिळाली नाही तर निदान एका आसावरच्या दोन्ही रिमा सारख्या असाव्यात.

कायद्याच्या दृष्टीने रिम बदलणे चालते का?

मोटार वाहन अधिनियम, १९८८ च्या कलम ५२ नुसार, नोंदणी प्रमाणपत्रातील तपशील उत्पादकाने मूळ ठरवलेल्या तपशिलांपेक्षा वेगळे होतील असा बदल गाडीत करता येत नाही, आणि सर्वोच्च न्यायालयानेही जानेवारी २०१९ मध्ये हीच भूमिका स्पष्ट केली. २०१९ च्या दुरुस्तीने आलेल्या कलम १८२अ मध्ये परवानगी नसलेल्या प्रत्येक बदलासाठी मालकाला पाच हजार रुपये दंड किंवा सहा महिन्यांपर्यंत कारावास किंवा दोन्हींची तरतूद आहे. त्याच मॉडेलच्या वरच्या प्रकाराला कंपनी देत असलेला आकार निवडणे हा सर्वांत निर्वेध मार्ग आहे. चालकाच्या दाराच्या खांबावरच्या पट्टीवर मान्य आकार आणि हवेचा दाब लिहिलेला असतो. टायर बॉडीच्या बाहेर आलेली एमएच ०९ ची टॅक्सी तंदुरुस्ती तपासणीला नेण्याआधी मूळ रिमा परत बसवाव्या लागतात, म्हणून भाड्याच्या गाडीत हा खटाटोप करूच नये. बाहेरून बसवलेल्या अलॉयची नोंद विमा पॉलिसीत करून घ्यावी. नोंद नसेल तर अपघातानंतर तिची भरपाई मागताना अडचण येते.

हवेचा दाब दाखवणारे सेन्सर असतील तर?

अनेक नव्या गाड्यांत सेन्सर रिमच्या आत व्हॉल्व्हला जोडलेले असतात. ते जुन्या रिममधून काळजीपूर्वक काढून नव्या रिममध्ये बसवावेत आणि टायरवाल्याला टायर उतरवण्यापूर्वीच त्याची कल्पना द्यावी. नाहीतर पट्टी लागून सेन्सर तुटतो.

स्टेपनीचे काय करावे?

चार अलॉय घेतल्या तरी स्टेपनी बहुधा स्टीलचीच राहते. अलॉयचे नट स्टीलच्या डिस्कला चालत नसतील, तर डिस्कच्या नटांचा एक संच जॅकसोबत गाडीतच ठेवावा. घाटात पंक्चर झाल्यावर हातात चुकीचे नट असणे ही टाळता येण्याजोगी अडचण आहे. टायरचा एकूण व्यासही चारही चाकांशी जुळता असावा.

पूर आणि पाऊस यांचा रिम बसवण्याशी काही संबंध आहे का?

मोठा संबंध आहे. २०१९ आणि २०२१ च्या महापुरात पंचगंगेच्या पाण्यात उभ्या राहिलेल्या गाड्यांच्या हबवर गंजाचा थर चढला होता. एरवीही गगनबावड्याच्या पावसात रोज फिरणाऱ्या गाडीचा हब काही महिन्यांत गंजतो. या थरावर नवी रिम बसवली तर ती पूर्ण टेकत नाही. पुढे गंज दबून भुगा होतो आणि आवळलेले नट आपोआप सैल पडतात. म्हणून हबचा सपाट भाग आणि मधले कडे तारेच्या ब्रशने चकचकीत होईपर्यंत घासावे. ॲल्युमिनियम आणि लोखंड ओलाव्यात एकमेकांना घट्ट चिकटतात, तेव्हा मधल्या कड्यावर ग्रीसचा पातळ थर द्यावा. स्टडच्या आट्यांना आणि नटांच्या बैठकीला मात्र तेल किंवा ग्रीस लावू नये.

बसवताना आणि नंतर काय लक्ष द्यावे?

टायर चढवण्यापूर्वी रिकामी रिम पुढे आणि मागे प्रत्यक्ष हबवर बसवून हाताने फिरवून पाहावी. कॅलिपर आणि रिम यांच्यामध्ये सर्व बाजूंनी किमान तीन मिलिमीटर फट असावी, आणि बॅलन्सिंगचे चिकटणारे वजन नेमके कॅलिपरसमोर येणार नाही हेही पाहावे. टायर एकदा चढला की दुकानदार रिम परत घेत नाही, त्यामुळे ही पाच मिनिटे मागून घ्यावीत.

नट आधी हाताने फिरवावेत, मग पान्याने आडव्या क्रमाने, म्हणजे एक सोडून पुढचा असे, दोन टप्प्यांत आवळावेत. शेवटचा आवळा टॉर्क पान्यानेच (आवळण्याचा जोर मोजणाऱ्या पान्याने) द्यावा. एम १२ च्या नटाला साधारण १०० न्यूटन मीटर लागतात, नेमका आकडा गाडीच्या पुस्तिकेत असतो. हवेच्या गनने पूर्ण ताकदीने आवळलेला नट स्टड ताणून ठेवतो आणि रस्त्यात पंक्चर झाल्यावर घरच्या पान्याने निघतही नाही. नवी रिम बसवल्यावर ५० ते १०० किलोमीटर चालवून चाके थंड असताना नट पुन्हा तपासावेत. चाकातून टकटक आवाज येऊ लागला किंवा स्टिअरिंग अचानक थरथरू लागले, तर बॅलन्सिंगची शंका घेत पुढच्या दुकानापर्यंत जाऊ नये. गाडी रस्त्याच्या कडेला सुरक्षित थांबवून आधी चारही चाकांचे नट हाताने पाहावेत.